साध्या माणसाच्या हातातील कुऱ्हाड

भयपटांचे आयुष्य सामान्यतः अल्प असते. पहिल्या आठवड्यात तरुणांची झुंबड उडते, महिन्याभरात चित्रपट उतरतो आणि वर्ष सरता सरता त्याचे नावही कोणास आठवत नाही. त्यातही एखाद्या जुन्या भयपटाची नवी आवृत्ती असेल, तर समीक्षक तिच्याकडे आधीच संशयाने पाहतात. जुन्याच मालाला नवे वेष्टन, असा तो व्यवहार समजला जातो. या नियमाला जे थोडे अपवाद ठरले, त्यांत २००६ साली अमेरिकेत प्रदर्शित झालेला ‘द हिल्स हॅव आइज’ हा चित्रपट मोडतो. ‘टेकड्यांना डोळे आहेत’ असा या नावाचा अर्थ. चित्रपट अत्यंत क्रूर आहे. त्यातील काही दृश्ये धीट प्रेक्षकालाही मान फिरवावयास लावतात. असे असूनही जवळजवळ दोन दशकांनंतर नव्या पिढीतील तरुण तो शोधून पाहतात, त्यावर वाद घालतात आणि पुन्हा पाहतात.

ज्या घरांत पाणी गाळून पिण्याची आणि मुंगीलाही जपण्याची शिकवण दिली जाते, त्या घरांतील मुलेही खोलीचे दार लावून असे चित्रपट पाहतात, हे आता गुपित राहिलेले नाही. वडीलधाऱ्यांची पहिली प्रतिक्रिया संतापाची असते आणि ती स्वाभाविकही आहे. परंतु नुसत्या संतापाने प्रश्न सुटत नाही. एवढी क्रूरता असूनही एखादा चित्रपट टिकतो, तेव्हा त्याच्या टिकण्यास काही कारण असले पाहिजे. ते कारण समजून घेतल्यावाचून मुलांशी त्याविषयी बोलणे म्हणजे वही न उघडता हिशोब तपासण्यासारखे आहे.

एका कुटुंबाचा प्रवास

कथानक साधे आहे. पोलीस खात्यातून निवृत्त झालेले बॉब कार्टर आणि त्यांच्या पत्नी एथेल यांच्या विवाहास पंचवीस वर्षे पूर्ण झाली आहेत. त्या निमित्ताने सारे कुटुंब मोटारीला फिरते घर जोडून कॅलिफोर्नियातील सॅन डिएगोकडे निघाले आहे. बरोबर विवाहित कन्या लिन, तिचे पती डग, त्यांचे तान्हे बाळ कॅथरिन, धाकटी मुले ब्रेंडा आणि बॉबी, आणि दोन कुत्री. न्यू मेक्सिकोच्या वाळवंटात एका जुनाट पेट्रोल पंपावरील वृद्ध त्यांना जवळचा म्हणून एक रस्ता सुचवतो. त्या निर्जन रस्त्यावर टेकड्यांत लपलेल्या माणसांनी काटेरी पट्टी पसरून ठेवलेली असते. टायर फाटतात, मोटार आपटते आणि कुटुंब अडकून पडते.

मदत आणण्यासाठी सासरे एका दिशेला आणि जावई दुसऱ्या दिशेला चालू लागतात. रात्री टेकड्यांतील माणसे हल्ला करतात. बॉब यांना जिवंत जाळले जाते. एथेल आणि लिन गोळीबारात मरण पावतात. बाळाला पळवून नेले जाते. उरतात ते डग, त्याचा मेहुणा, त्याची मेहुणी आणि एक कुत्रा. पुढचा सारा चित्रपट हा बाळाच्या शोधाचा आणि जिवंत राहण्याच्या धडपडीचा आहे.

एवढेच सांगितले तर अशा शंभर कथा सापडतील. या कथेचे वेगळेपण समजण्यासाठी तिच्या उगमाकडे जावे लागते.

दंतकथेतून आलेले बीज

२००६ चा चित्रपट हा १९७७ साली वेस क्रेव्हन यांनी लिहून दिग्दर्शित केलेल्या त्याच नावाच्या चित्रपटाचा नवा अवतार होय. क्रेव्हन यांचा जन्म १९३९ साली क्लीव्हलँड येथे झाला. त्यांचे बालपण अत्यंत कर्मठ बॅप्टिस्ट ख्रिस्ती वातावरणात गेले. त्या वातावरणात चित्रपट पाहणे निषिद्ध मानले जाई. पुढे त्यांनी जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठातून पदव्युत्तर शिक्षण घेतले आणि काही काळ महाविद्यालयात अध्यापन केले. १९७२ साली आलेला त्यांचा पहिला चित्रपट ‘द लास्ट हाउस ऑन द लेफ्ट’ हा विख्यात स्वीडिश दिग्दर्शक इंगमार बर्गमन यांच्या ‘द व्हर्जिन स्प्रिंग’ या १९६० च्या चित्रपटावर आधारलेला होता. मुलीच्या हत्येचा सूड घेणारा सज्जन पिता हा त्या दोन्ही चित्रपटांचा विषय. सभ्य माणूस हिंसेला प्रवृत्त होतो तेव्हा त्याचे काय होते, हा प्रश्न क्रेव्हन यांना प्रारंभापासूनच छळत होता, असे दिसते.

दुसऱ्या चित्रपटाचे बीज त्यांना स्कॉटलंडमधील एका दंतकथेत सापडले. सॉनी बीन नावाचा एक इसम आपल्या बायको-मुलांसह समुद्रकाठच्या गुहेत राहत असे आणि वाटसरूंना मारून त्यांचे मांस खात असे, अशी ती कथा आहे. मुले, नातवंडे मिळून त्या टोळीत अठ्ठेचाळीस जण होते म्हणतात. अखेर राजाने सैनिक आणि शिकारी कुत्री पाठवून सर्वांना पकडले. इतिहासकार या कथेला फारसा आधार मानत नाहीत. परंतु क्रेव्हन यांचे लक्ष वेधले ते कथेच्या शेवटाने. पकडलेल्यांवर कोणताही खटला चालविला गेला नाही. पुरुषांचे हातपाय तोडून त्यांना रक्तस्रावाने मरू दिले गेले आणि स्त्रियांना जाळले गेले, असे कथा सांगते. रानटी कोण आणि सुसंस्कृत कोण, हा भेद शिक्षेच्या वेळी उरलाच नाही.

१९७७ चा चित्रपट अल्प खर्चात कॅलिफोर्नियाच्या मोजावी वाळवंटात चित्रित झाला. त्याच्या अखेरीस नायक शत्रूवर सुऱ्याने वार करीत राहतो आणि त्याच क्षणी चित्र गोठून पडदा लाल होतो. विजयाचा आनंद नाही, कुटुंबाची भेट नाही. कुटुंबाचे रक्षण करावयास निघालेला माणूस कोठे येऊन पोचला, एवढेच दाखवून चित्रपट थांबतो.

नवी आवृत्ती, नवे कारण

२००३ साली ‘द टेक्सास चेनसॉ मॅसकर’ आणि २००४ साली ‘डॉन ऑफ द डेड’ या जुन्या भयपटांच्या नव्या आवृत्त्या यशस्वी ठरल्या आणि हॉलिवूडमध्ये अशा पुनर्निर्मितीची लाटच आली. क्रेव्हन यांनीही आपल्या चित्रपटाचे पुनरुज्जीवन करण्याचे ठरविले, परंतु दिग्दर्शन स्वतःकडे न ठेवता ते निर्माते राहिले. दिग्दर्शनासाठी त्यांनी अलेक्सांद्र आझा या फ्रेंच तरुणाची निवड केली. आझा यांचा २००३ चा फ्रेंच भयपट त्यांना भावला होता. त्या वेळी आझा तिशीही ओलांडलेले नव्हते. पटकथा त्यांनी आपले सहकारी ग्रेगरी लव्हासर यांच्यासह लिहिली.

कथा अमेरिकेची असली तरी चित्रीकरण झाले मोरोक्को देशातील वारझाझात या शहराच्या परिसरात. ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’ आणि ‘ग्लॅडिएटर’सारख्या मोठ्या चित्रपटांचेही काही चित्रीकरण याच भागात झालेले आहे. तेथील उघडे, तापलेले, निर्वृक्ष डोंगर न्यू मेक्सिकोचे म्हणून सहज खपून गेले. सुमारे दीड कोटी डॉलर खर्चून काढलेल्या या चित्रपटाने जगभरात जवळजवळ सात कोटी डॉलरचा गल्ला जमविला. व्यापारी दृष्टीने हा सौदा फायद्याचा ठरला. लगेच पुढच्याच वर्षी त्याचा दुसरा भागही काढण्यात आला. तो मात्र विस्मृतीत गेला. नाव तेच होते, वाळवंट तेच होते, रक्तही कमी नव्हते. त्यावरून एक गोष्ट स्पष्ट होते, ती ही की पहिल्या चित्रपटाचे आयुष्य केवळ क्रूरतेच्या बळावर वाढलेले नाही.

आझा यांनी मूळ कथेत एक महत्त्वाचा बदल केला. १९७७ च्या चित्रपटात टेकड्यांतील टोळी ही पेट्रोल पंपाच्या म्हाताऱ्याच्या टाकून दिलेल्या, जन्मतःच क्रूर अशा मुलाची संतती आहे. तेथे दुष्टपणाला कारण नाही. नव्या आवृत्तीत ते कारण दिले गेले आणि ते कारण अमेरिकेच्या इतिहासातून आले.

वाळवंटातील पुतळ्यांचे गाव

१९४५ ते १९६२ या काळात अमेरिकेने वातावरणात ३३१ अणुचाचण्या केल्या, असे वाक्य चित्रपटाच्या प्रारंभी पडद्यावर येते. हा आकडा फुगविलेला आहे. वातावरणातील चाचण्यांची अधिकृत नोंद दोनशेहून थोडी अधिक आहे. शिवाय न्यू मेक्सिकोमध्ये जमिनीवर स्फोट झाला तो एकच, १६ जुलै १९४५ रोजीचा, जगातील पहिला. पुढील चाचण्यांचे मोठे क्षेत्र नेवाडा राज्यात होते. तेथे १९५१ पासून वातावरणात शंभर चाचण्या झाल्या. चित्रपटाने नेवाडाची हकीकत न्यू मेक्सिकोत नेऊन बसविली आहे.

आकडा आणि स्थळ बदलले असले तरी त्यामागील वस्तुस्थिती खोटी नाही. चित्रपटाच्या उत्तरार्धात डग एका ओसाड गावात पोचतो. घरे सुबक आहेत, खुर्च्या-टेबले मांडलेली आहेत आणि माणसांच्या जागी पुतळे बसविलेले आहेत. हा कल्पनेचा खेळ वाटतो, परंतु अशी गावे नेवाडाच्या वाळवंटात खरोखर उभारली गेली होती. १९५३ च्या मार्चमध्ये आणि पुन्हा १९५५ च्या मेमध्ये झालेल्या चाचण्यांच्या वेळी तेथे नमुन्याची घरे बांधून, त्यांत कपडे घातलेले पुतळे ठेवून, स्फोटाचा परिणाम तपासण्यात आला. १९५५ साली डबाबंद अन्नपदार्थ आणि बाटल्यांतील पेयेही तेथे ठेवली होती. स्फोटानंतर कोणता माल वापरण्याजोगा राहतो, हे पाहावयाचे होते. त्यांपैकी दोन घरे आजही उभी आहेत.

पुतळ्यांची काळजी घेणाऱ्या या व्यवस्थेने वाऱ्याच्या दिशेला राहणाऱ्या जिवंत माणसांची मात्र पुरेशी काळजी घेतली नाही. १९५३ च्या वसंत ऋतूत युटा राज्यातील मेंढपाळांची सुमारे साडेचार हजार मेंढरे आणि कोकरे दगावली. किरणोत्सर्गाचा याच्याशी संबंध नाही, असा पवित्रा शासनाने घेतला आणि १९५६ साली मेंढपाळ न्यायालयात हरले. पुढे त्या पट्ट्यातील कर्करोगग्रस्तांचा प्रश्न अनेक वर्षे धुमसत राहिला. अखेर १९९० साली अमेरिकन संसदेने कायदा करून राष्ट्राच्या वतीने क्षमा मागितली आणि बाधितांना ५० हजार डॉलर भरपाई देण्याची तरतूद केली. पहिल्या स्फोटाच्या परिसरातील न्यू मेक्सिकोच्या रहिवाशांना मात्र या कायद्याच्या कक्षेत येण्यासाठी २०२५ पर्यंत थांबावे लागले.

चित्रपटात याच इतिहासाची काल्पनिक पुढची पायरी आहे. चाचण्यांसाठी गाव सोडण्यास नकार देऊन खाणींत दडून बसलेल्या खाणकामगारांचे हे वंशज. त्यांच्यापैकी एक पंगू माणूस डगला सुनावतो की आम्ही जे झालो ते तुमच्यामुळेच झालो. हे विज्ञान म्हणून स्वीकारण्याजोगे नाही. हिरोशिमा आणि नागासाकी येथे वाचलेल्यांच्या संततीचा दीर्घकाळ अभ्यास झालेला आहे आणि तीत किरणोत्सर्गामुळे आनुवंशिक विकृती वाढल्याचा स्पष्ट पुरावा मिळालेला नाही. किरणोत्सर्गाचा खरा तडाखा त्या पिढीच्या स्वतःच्या शरीराला बसला आणि तो मुख्यतः कर्करोगाच्या रूपाने. परंतु नीतीचा प्रश्न म्हणून त्या माणसाचे बोलणे टाळता येत नाही. ज्यांचे नुकसान कोणत्याही वहीत नोंदले गेले नाही, त्यांनी ते वाटेल त्याच्याकडून वसूल करावयास सुरुवात केली आहे. कार्टर कुटुंबाने त्यांचे काहीही बिघडवलेले नाही. तरीही वसुली त्यांच्याकडूनच होते. प्रेक्षकाला राक्षसांची घृणा वाटते आणि त्याच वेळी त्यांच्याविषयी एक अस्वस्थ कणवही वाटते. हा गुंता सामान्य भयपटांत आढळत नाही.

जावई आणि चष्मा

चित्रपटाच्या टिकण्याचे दुसरे आणि अधिक महत्त्वाचे कारण म्हणजे डग. ॲरन स्टॅनफर्ड या अभिनेत्याने ही भूमिका केली आहे. डगचा मोबाइल फोन विक्रीचा व्यवसाय आहे. डोळ्यांवर चष्मा, बोलण्यात संकोच, बंदुकीचा तिटकारा. आपल्याकडे जावयाला पाटावर बसवून मान दिला जातो. येथे बंदूकप्रेमी सासरे जावयाची उघड थट्टा करतात आणि तोही ती गिळतो. पहिल्या हत्याकांडाचे लहानसे दृश्य सोडले, तर चित्रपटाचा जवळजवळ तिसरा हिस्सा या कुटुंबाच्या कुरबुरी, थट्टा, प्रार्थना आणि बाळाचे लाड यांतच जातो. उन्हात तापलेली मोटार, कंटाळलेली मुले, नकाशावरून वाद घालणारे वडील हे सारे प्रत्येकाच्या घरचे वाटू लागते. त्यामुळे पुढे जे घडते ते परक्या माणसांवर घडल्यासारखे वाटत नाही.

बाळाच्या शोधात निघताना डगच्या हाती बेसबॉल खेळण्याची बॅट आहे आणि सोबतीला कुत्रा. तो मार खातो, पडतो, उठतो. चष्मा मोडतो, तो चिकटवून पुन्हा लावतो. पुतळ्यांच्या त्या गावात प्लूटो नावाचा धिप्पाड माणूस कुऱ्हाड घेऊन त्याच्यावर तुटून पडतो. मार खाता खाता डग अमेरिकेच्या एका लहानशा झेंड्याची काठी त्याच्या मानेत खुपसतो. प्लूटो गुडघ्यांवर येतो. आता डगला पळून जाता आले असते. परंतु तो कुऱ्हाड उचलतो.

याच क्षणी पार्श्वसंगीत विजयाचे सूर धरते आणि चित्रपटगृहात टाळ्या पडाव्यात अशीच ती रचना आहे. प्रेक्षकाला डगचा अभिमान वाटतो. ज्या प्रेक्षकाला अर्ध्या तासापूर्वी रक्त पाहवत नव्हते, तोच आता मनातल्या मनात ‘मार’ म्हणत असतो. बदलला आहे तो केवळ डग नव्हे, खुर्चीवर बसलेला माणूसही बदलला आहे. या बदलाची जाणीव काहींना लगेच होते, काहींना घरी गेल्यावर होते. चित्रपट पुन्हा पाहणाऱ्यांपैकी अनेकजण बहुधा याच जाणिवेकडे परत येत असावेत.

श्रावकाचाराच्या विवेचनात हिंसेचे संकल्पी, आरंभी, उद्योगी आणि विरोधी असे चार प्रकार सांगितले जातात. गृहस्थाने संकल्पी हिंसेचा, म्हणजे जाणूनबुजून मारण्याच्या हेतूने केलेल्या हिंसेचा त्याग करावा, असा दंडक आहे. स्वतःच्या व आश्रितांच्या रक्षणासाठी नाइलाजाने घडणारी ती विरोधी हिंसा. गृहस्थाला तिची पूर्ण सुटका नाही, हे वास्तव मान्य करण्यात आले आहे. मात्र ती अहिंसा ठरत नाही आणि कर्ता कर्मबंधापासून मुक्त होत नाही. डगची वाटचाल या दोन प्रकारांच्या सीमेवरून होते. बाळाला सोडविण्यासाठी केलेला पहिला वार कोणीही पिता करील. गुडघ्यांवर आलेल्या माणसावर उचललेल्या कुऱ्हाडीचे काय? तेथे रक्षण संपते की सूड सुरू होतो? दिग्दर्शकाने उत्तर दिलेले नाही. बहुधा त्याला या शास्त्रविचाराची कल्पनाही नसेल. परंतु प्रश्न तोच आहे आणि तो ज्याच्या त्याच्या मनात उभा राहतो.

शेवटी बाळ सुखरूप सापडते. टोळीतील रूबी नावाची मुलगी बाळाला वाचविताना स्वतःचा प्राण गमावते. टेकडीतील एका मुलीने दाखविलेली ही करुणा साऱ्या चित्रपटातील एकमेव निर्मळ कृती म्हणावी लागेल. रक्ताने माखलेला डग बाळाला घेऊन परततो, ब्रेंडा आणि बॉबी त्याला मिठी मारतात. आणि दूर टेकडीवरून कोणीतरी दुर्बिणीतून त्यांना पाहत असते. १९७७ च्या लाल पडद्याहून हा शेवट सौम्य आहे. तरी वैर संपले, असे तो म्हणू देत नाही.

भय का हवेसे वाटते

भीतीचा आस्वाद हा पाश्चात्त्यांचा शोध नव्हे. भरतमुनींच्या नाट्यशास्त्रात शृंगार-वीरांच्या पंक्तीत भयानक आणि बीभत्स या रसांनाही स्थान आहे. भय आणि जुगुप्सा हे त्यांचे स्थायीभाव. प्रत्यक्षातील भय माणसाला पळवते, तर रंगमंचावरील भय त्याला जागेवर बसवून ठेवते. त्या अंतरामुळेच आस्वाद शक्य होतो. ॲरिस्टॉटलने शोकात्मिकेच्या संदर्भात मांडलेली विरेचनाची कल्पनाही याच जातीची.

अलीकडच्या काळात डेन्मार्कमधील आऱ्हूस विद्यापीठातील संशोधक या विषयाचा पद्धतशीर अभ्यास करीत आहेत. त्यांच्या सहभागाने २०२१ साली प्रसिद्ध झालेल्या एका पाहणीत, भयपटांची आवड असणाऱ्यांना कोरोनाच्या साथीच्या काळात तुलनेने कमी मानसिक त्रास झाल्याचे आढळले. अर्थात यावरून भयपट पाहिल्याने मन खंबीर होते असा निष्कर्ष काढता येत नाही. मुळात खंबीर मनाची माणसेच असे चित्रपट पाहत असतील, ही शक्यताही उरतेच. एवढे मात्र म्हणता येते की, भयपट पाहणारा तरुण बिघडलेलाच असला पाहिजे, या समजुतीला आधार नाही. संकट आले तर मी काय करीन, हा प्रश्न तो सुरक्षित जागी बसून स्वतःला विचारीत असतो.

दोष आणि मर्यादा

म्हणून या चित्रपटाचे सर्वस्वी समर्थन करणे योग्य होणार नाही. त्याचे तीन दोष गंभीर आहेत.

पहिला, क्रूरतेचे प्रमाण. अमेरिकेतील प्रमाणन संस्थेने प्रथम त्याला अल्पवयीनांस पूर्ण बंदी असणारा दर्जा दिला होता. काटछाट केल्यावर तो खालच्या दर्जात आला. पुढे काटछाटीशिवायची प्रत घरगुती चकत्यांवर विकली गेली आणि तरुणांच्या हाती मुख्यतः तीच पडते. कथेसाठी आवश्यक तेवढे रक्त आणि केवळ धक्का देण्यासाठी सांडलेले रक्त यांतील फरक तिच्यात अनेकदा पुसला जातो.

दुसरा, फिरत्या घरातील हल्ल्याच्या दृश्यात ब्रेंडावर होणारा अत्याचार. तो प्रसंग दीर्घ आहे आणि सहन करण्यापलीकडचा आहे. त्यानंतर त्या मुलीच्या मनाचे काय झाले, याकडे चित्रपट पुरेसे लक्ष देत नाही.

तिसरा दोष अधिक सूक्ष्म आहे. वेडावाकडा चेहरा म्हणजे वेडेवाकडे मन, हे समीकरण चित्रपट गृहीत धरतो. १९७७ च्या चित्रपटाच्या जाहिरातीवर मायकेल बेरीमन या जन्मजात विकार असलेल्या अभिनेत्याचा चेहरा भीतीचे चिन्ह म्हणून वापरला होता. नव्या आवृत्तीत रंगभूषेच्या साहाय्याने तेच अधिक मोठ्या प्रमाणावर केले आहे. शारीरिक व्यंग घेऊन जगणाऱ्या माणसांवर याने अन्याय होतो. रूबीची व्यक्तिरेखा हा अन्याय थोडा हलका करते, पण तो पुसत नाही.

घरातील जबाबदारी

हे दोष लक्षात घेता लहान मुलांच्या दृष्टीस हा चित्रपट पडता कामा नये, याविषयी दुमत असू नये. भारतात २०२१ च्या माहिती तंत्रज्ञान नियमांनुसार इंटरनेटवरून चित्रपट दाखविणाऱ्या सेवांना वयानुसार वर्गवारी दर्शविणे आणि तेरा वर्षांपुढील वर्गांसाठी पालकांच्या हाती कुलूप देणे बंधनकारक आहे. दुकानाच्या तिजोरीची किल्ली जितक्या दक्षतेने सांभाळली जाते, तितक्याच दक्षतेने हा संकेतांक सांभाळणे आवश्यक आहे. बहुतेक घरांत तो कोणी ठरविलेलाच नसतो.

सज्ञान मुलांची गोष्ट निराळी. त्यांना बंदी घालून उपयोग नाही, कारण बंदी पाळली जाणार नाही आणि संवाद मात्र तुटेल. वेस क्रेव्हन यांच्या बालपणी त्यांच्या घरातही चित्रपटांना मज्जाव होता. तो माणूस पुढे जगातील अग्रगण्य भयपटकारांपैकी एक झाला आणि २०१५ साली मृत्यू येईपर्यंत याच क्षेत्रात काम करीत राहिला. मज्जावाने कुतूहल मरत नाही, हे त्याच्या चरित्रावरून दिसते. सभ्य माणसाच्या हिंसेविषयीचा त्याचा प्रश्न मात्र त्याच गंभीर संस्कारांतून आला असणे शक्य आहे.

म्हणून मुलाने वा मुलीने हा चित्रपट पाहिल्याचे कळले, तर ‘असले का पाहतोस’ असे विचारण्यापेक्षा दुसरा प्रश्न विचारावा. टाळी वाजवावीशी कोणत्या क्षणी वाटली? बाळ सापडले तेव्हा, रूबीने प्राण दिला तेव्हा, की कुऱ्हाड उचलली गेली तेव्हा? उत्तर प्रामाणिक असेल तर बहुधा कुऱ्हाडीचेच येईल. तेथून जे बोलणे सुरू होईल, ते करण्यास वडीलधाऱ्यांनी वेळ काढावा.